‘सोमवारी भेटू’ म्हणाला होतात: दुपारचा कार्यक्रम बंद करणाऱ्या वाहिनीला यवतमाळ जिल्ह्यातून पत्र

प्रति,
कार्यक्रम विभागाचे प्रमुख आणि त्यांचे सहकारी,
मुंबई

स. न. वि. वि.

मी यवतमाळ जिल्ह्यातल्या राळेगाव तालुक्यात, एका चारशे घरांच्या गावात शिवणकाम करते. ब्लाऊज, परकर, शाळेचे गणवेश, लग्नसराईत नवरीच्या साड्यांचे फॉल-पिको. घराच्या छपरीत माझं मशीन आहे आणि मशीनसमोरच्या भिंतीला टीव्ही. सोमवार ते शुक्रवार, दुपारी दोन ते तीन, त्या टीव्हीवर तुमचा गप्पांचा कार्यक्रम लागायचा. सहा वर्षं लागला. आता लागत नाही, म्हणून हे पत्र.

वाहिनीचं आणि कार्यक्रमाचं नाव मी लिहीत नाही. ज्याला पत्र आहे त्याला ते कळेल. आणि दुपारचे असे कार्यक्रम दुसऱ्यांनीही गुपचूप बंद केले आहेत, तेव्हा त्यांनीही वाचलं तर बरंच आहे.

तो शेवटचा शुक्रवार आधी सांगते. ताईंनी (आम्ही सगळ्या निवेदिकेला ताईच म्हणायचो) नेहमीसारखे हात जोडले आणि म्हणाल्या, “सोमवारी भेटू.” सोमवारी दोनला मी हातातला परकर बाजूला ठेवून टीव्ही लावला, तर शनिवारी रात्री पाहिलेल्या मालिकेचा भाग पुन्हा चाललेला. शेजारची बुढी काठी टेकत आली होती, तिनं विचारलं, “काऊन वं, रिचार्ज सरलं का?” रिचार्ज सरलं नव्हतं. मी चॅनल मागंपुढं करून पाहिलं, डिशची वायर काढून पुन्हा लावली. मंगळवारी तेच. बुधवारी तेच. गुरुवारी अमरावतीला शिकणाऱ्या माझ्या लेकीनं फोनवर शोधून सांगितलं की आई, तो कार्यक्रम बंद झाला. तोवर बुढी रोज दोनला येऊन बसत होती.

सहा वर्षं रोज घरात येणारं माणूस न सांगता गेलं तर गावात त्याची चौकशी होते. आम्ही तुमच्या कार्यालयाच्या क्रमांकावर फोन केला. दोनदा लागला नाही, तिसऱ्यांदा लागला तेव्हा पलीकडच्या मुलानं नम्रपणे सांगितलं की त्याला याबद्दल माहिती नाही. त्याच्यावर माझा राग नाही. त्यालाही कोणी सांगितलं नसणार.

तुम्हाला वाटत असेल, दुपारी दोन म्हणजे जेवणं उरकून घरात आडव्या झालेल्या गृहिणींची वेळ. शहरात असेल. आमच्याकडे निंदणाच्या दिवसांत दोनला गावात बाई दिसत नाही. सकाळी नऊला डबा बांधून बाया वावरात जातात, सूर्य कलल्यावर परततात. दिवाळीपासून पुढं कापूस वेचणी, त्याआधी सोयाबीनची सोंगणी. मग दोनला कार्यक्रम बघायचं कोण? बाळंतीण होऊन माहेरी आलेल्या पोरी, म्हाताऱ्या, पाय मोडून घरी बसलेली एखादी, शाळेची खिचडी रांधून परत आलेली बाई, आणि माझ्यासारखी घरातच काम असलेली. उन्हाळ्यात मात्र पारा 45 च्या पुढं गेला की सगळ्याच दुपारी घरात. आणि पावसाळ्यात झड लागली, दोन-दोन दिवस पाऊस उघडला नाही, की माझ्या छपरीत वीस-वीस बाया. कोणी तांदूळ निवडतंय, कोणी मला हूक लावून देतंय, कोणी नुसतंच लेकरू मांडीवर घेऊन बसलंय. टिनावर पाऊस वाजायचा म्हणून आवाज पूर्ण वाढवायचा आणि तरी सगळ्यांनी पुढं सरकून बसायचं.

आता जे सांगते ते एका दिवसाचं आहे, पण माझ्यासाठी तो कार्यक्रम म्हणजे तो दिवस.

त्या दिवशी ताईंच्या समोर वाशिमकडची एक बाई होती. नवऱ्यानं आत्महत्या केलेली. अशा घराला सरकारकडून एक लाखाची मदत मिळते, तीस हजार हातात आणि सत्तर हजार ठेव म्हणून. पण प्रकरण ‘पात्र’ ठरलं तर. ही बाई म्हणाली, “वावर माह्या मालकाच्या नावानं नव्हतं, सासऱ्याच्या नावानं होतं. म्हनून म्हनलं अपात्र. मरनारा तर मेला ना. आता तो पात्र का अपात्र, हे कोन ठरोनार?”

दुसरा कोणी निवेदक असता तर लगेच काहीतरी बोलला असता. खूप वाईट झालं म्हणाला असता, नाहीतर जाहिरातीला गेला असता. ताई काही बोलल्या नाहीत. किती वेळ गेला ते सांगता येत नाही, पण माझा पाय मशीनच्या पायट्यावर थांबला होता आणि सुई कापडात अर्धी उतरलेली तशीच होती, एवढं आठवतं. मग ताईंनी हळूच विचारलं, “त्यानंतर तुम्ही वावरात पहिल्यांदा कधी गेलात?”

“तिसऱ्या दिवशी. पऱ्हाटीले पानी द्याचं होतं.”

माझ्या छपरीत त्या वेळी हूक लावत बसलेली एक बाई होती. तिचं नाव लिहीत नाही. तिचा नवरा चार वर्षांपूर्वी तसाच गेलेला, सगळ्या गावाला माहीत. पण त्या चार वर्षांत तिनं त्यावर एक शब्द काढलेला मी ऐकला नव्हता आणि आम्हीही कधी विचारलं नव्हतं. विचारलं तर तिला दुखेल असं वाटायचं. ती सुई खाली न ठेवता म्हणाली, “मले कोनी हे इचारलंच नाही, का तू कधी गेली वावरात.” मग मी विचारलं. आणि ती बोलायला लागली ती तीन वाजून गेले, कार्यक्रम संपला, वीज गेली, तरी बोलत होती.

तिच्या बोलण्यात आलं की सासरा वारल्यावर तीन एकरांवर दोन्ही दिरांची नावं चढली आणि हिचं नाव कोणी घेतलं नाही. तिला वाटत होतं की नवरा आधीच गेला, म्हणजे आपला हक्कही त्याच्यासोबत गेला. पुढं महिना-दीड महिन्यानं तुमच्याच कार्यक्रमात एक वकीलबाई आल्या होत्या. त्यांनी सातबारा पडद्यावर मोठा करून दाखवला. कुठल्या रकान्यात काय असतं, फेरफार म्हणजे काय, वारस नोंद कशी लागते, सगळं. त्यात त्यांनी सांगितलं की बापाच्या आधी मुलगा वारला तर त्या मुलाची विधवा ही सासऱ्याच्या मालमत्तेत पहिल्या वर्गातली वारस असते, 1956 च्या हिंदू वारसा कायद्यात तसं लिहिलेलंच आहे. नवरा हयात असताना बायकोचं नाव सातबाऱ्यावर चढवण्याच्या लक्ष्मी मुक्तीचंही त्यांनी सांगितलं, त्याचा सरकारी निर्णय 1992 चा. इतक्या वर्षांत आमच्या गावात ते कोणी बोललं नव्हतं.

आम्ही तिघी तिच्यासोबत तलाठी कार्यालयात गेलो. एक बचत गटाची सचिव, एक आशाताई आणि मी. तलाठ्यानं कागद मागितले ते जमवले, दिरांशी बोलणं झालं, एकदा भांडणही झालं. आठ महिने लागले. आज त्या तीन एकरांत तिचं आणि तिच्या लेकराचं नाव आहे. सातबाऱ्याचा उतारा तिनं प्लास्टिकच्या पिशवीत घालून पिठाच्या डब्यामागे ठेवला आहे, मी पाहिला आहे.

हे तुमच्या कोणत्या हिशेबात आलं, मला माहीत करून घ्यायचं आहे.

प्रेक्षक मोजायची पद्धत मी लेकीकडून समजून घेतली. आधी ही मोजणी शहरांपुरतीच होती, खेडी त्यात आली ती 2015 पासून. देशात टीव्ही असलेली घरं वीस कोटींच्या वर आणि मोजणीचं यंत्र बसवलेली घरं पन्नास हजारांच्या आसपास. म्हणजे चार हजार घरांमागे एक. माझं गाव चारशे घरांचं. आमच्यासारखी दहा गावं एकत्र केली तर त्यातल्या एका घरात यंत्र येणार. नमुना घेऊन मोजतात, भाताचं एक शीत दाबून पाहतात तसं, हे मला कळतं. त्यात फसवणूक आहे असं मी म्हणत नाही. पण झडीच्या दिवशी एका टीव्हीपुढे वीस बाया बसल्या होत्या, आणि त्या टीव्हीतून निघालेल्या एका वाक्यानं एका बाईच्या तीन एकरांचा प्रश्न सुटला, हे मोजायला तुमच्याकडे काही असेल तर ते वापरलं का?

जाहिराती मिळत नव्हत्या, असं कारण असेल. मान्य. मीही धंदा करते. ज्या शिलाईत दोऱ्याचे पैसे निघत नाहीत ती मी घेत नाही. पण एकदा गिऱ्हाइकाचं कापड घेतलं, माप घेतलं, कापलं, की मग ते अर्धवट गुंडाळून परत देत नाही. परवडलं नाही तर पुढच्या वेळी नाही म्हणते, हातातलं पूर्ण करते.

खरं सांगायचं तर कार्यक्रम त्या शुक्रवारी बंद झाला नाही, शेवटच्या वर्षभर तो बंद होत होता. आधी तासाचा अर्धा तास झाला. मग दोनचा दीडला गेला, तिथून साडेतीनला गेला आणि पुन्हा दोनला आला. बुढीला घड्याळ कळत नाही, ती मशिदीच्या अजानीनंतर निघायची. तिची वेळ चुकायला लागली. ज्या खुर्चीत वाशिमची बाई बसली होती त्याच खुर्चीत रोज तुमच्याच मालिकेतले कलाकार येऊन रात्रीच्या भागात काय घडणार ते सांगू लागले. प्रेक्षकांचे फोन घेणं थांबलं. ताईंच्या हातात प्रश्नांचे कागद आले. आधी त्यांच्या हातात काही नसायचं, त्या समोरच्याच्या तोंडाकडे पाहून विचारायच्या. एवढं सगळं झाल्यावर प्रेक्षक कमी झाले असतील तर त्याचा दोष कार्यक्रमावर टाकू नका. पाणी तोडल्यावर पीक वाळलं तर ते पीक वाईट होतं असं आम्ही म्हणत नाही.

आणखी एक गोष्ट आहे, ती विदर्भाबाहेरच्या माणसाला लहान वाटेल. त्या वाशिमच्या बाईचं बोलणं तुम्ही बदललं नाही. खाली पट्टीवर ‘शुद्ध’ मराठीत लिहून दाखवलं नाही. ती ‘मले’ म्हणाली, ‘माह्या’ म्हणाली, आणि ताईंनी पुढचा प्रश्न तिचाच ‘वावर’ हा शब्द धरून विचारला, जसं दोन घरच्या बाया बोलतात तसं. आमची वऱ्हाडी टीव्हीवर एरवी कधी ऐकू येते? कोणाला हसवायचं असलं की. मालिकेत कोणी वऱ्हाडी बोललं की समजायचं, हा गडी आहे, नाहीतर वेंधळा आहे. पुण्याला दिलेली माझी बहीण फोनवर शेजारी कोणी असलं की ‘मला’ म्हणते. तिला तसं कोणी सांगितलेलं नाही, तिनं ते टीव्ही पाहून, लोकांच्या चेहऱ्यांकडे पाहून ठरवलं आहे. तुमच्या त्या एका तासात वऱ्हाडी बोलणाऱ्या बाईवर कोणी हसलं नाही. मी सहा वर्षं पाहिलं, एकदाही नाही. यासाठी तुमचे आभार मानायचे राहिले होते, ते इथे मानते.

लेकीनं मला एक सांगितलं ते मनात राहिलं. 1967 मध्ये अमेरिकेत डेटन नावाच्या गावात फिल डोनाह्यू नावाच्या माणसानं सकाळचा गप्पांचा कार्यक्रम सुरू केला. जाहिरातीच्या वेळात समोर बसलेल्या बायका पाहुण्याला प्रश्न विचारायच्या, आणि ते प्रश्न त्याच्या स्वतःच्या प्रश्नांपेक्षा चांगले निघायचे. मग तो माईक घेऊन बायकांमध्येच उतरला. तिथून हा सगळा प्रकार जगभर गेला. म्हणजे या कार्यक्रमांचं मूळच समोर बसलेल्या बाईच्या प्रश्नात आहे. डोनाह्यूचा तो कार्यक्रम जवळजवळ तीस वर्षं चालला. तिथल्याच ऑप्रा विन्फ्री या निवेदिकेनं आपला गप्पांचा कार्यक्रम थांबवायचं ठरवलं ते नोव्हेंबर 2009 मध्ये लोकांना सांगितलं, आणि शेवटचा भाग झाला मे 2011 मध्ये. दीड वर्ष आधी सांगितलं. आम्ही दीड वर्ष मागत नाही. एक शुक्रवार मागत होतो.

माझी आई रेडिओवरचे बायकांचे कार्यक्रम ऐकायची. नागपूर आकाशवाणी 1948 पासूनची, तिचा आवाज आमच्या गावात टीव्हीच्या कितीतरी आधी आला. आई चुलीजवळ रेडिओ ठेवायची आणि त्यातल्या ‘बहिणींनो’ला घरातल्या घरात ‘हो’ म्हणायची. तिला तिच्या आयुष्यात कोणी फारसं ‘बहिणींनो’ म्हटलेलं नव्हतं. सरकारी प्रसारणाला तर कायद्यानंच सांगून ठेवलं आहे. 1990 च्या प्रसार भारती कायद्यात शेती, ग्रामीण विकास, आरोग्य आणि स्त्रियांचे प्रश्न यांकडे विशेष लक्ष द्यावं असं आहे. तो तुम्हाला लागू नाही. पण नोव्हेंबर 2022 च्या केंद्र सरकारच्या मार्गदर्शक सूचना तुम्हालाही लागू आहेत, आणि त्यात खासगी वाहिन्यांनीही दिवसाला अर्धा तास लोकोपयोगी विषयांना द्यावा असं आहे. विषयांच्या यादीत शेती आणि ग्रामीण विकास आहे, आरोग्य आहे, महिलांचं कल्याण आहे. तुमच्या हातात असा कार्यक्रम होता जो हे सगळं करत होता आणि बाया तो आपखुशीनं बघत होत्या. तो काढून तुम्ही आता तो अर्धा तास कशानं भरता, ते पाहायला मी एक आठवडा दिवसभर टीव्ही चालू ठेवला. मला ओळखू आलं नाही.

पैशाचं म्हणाल तर आम्हीही देतो. फेब्रुवारी 2019 पासून ग्राहकानं आपल्या पसंतीच्या वाहिन्या निवडून त्याचे पैसे भरायचे असा नियम झाला, तेव्हा मी आधी तुमची वाहिनी निवडली. लेक खेळाची मागत होती, तिला नाही म्हटलं. ते मी या एका तासासाठी केलं होतं.

तेव्हा आता मागते ते ऐका. कार्यक्रम पुन्हा सुरू करा ही माझी पहिली मागणी आहे, पण ती तुम्ही मानणार नाही असं धरून चालते. तर निदान जुने भाग लोकांना पाहता येतील असे ठेवा. आज ते कुठेच नाहीत. लेकीनं शोधले, दोन-तीन मिनिटांचे तुकडे मिळाले, तेही कलाकारांचे. वकीलबाईंनी सातबारा दाखवला तो भाग आमच्या तालुक्यातल्या प्रत्येक बचत गटाला दाखवण्यासारखा आहे. डॉक्टरबाई गर्भपिशवीवर बोलल्या तो भाग तर मी स्वतः लेकीच्या वयाच्या पोरींना दाखवीन. त्या बाईंनी सांगितलं होतं की पांढरं जातं म्हणून लगेच पिशवी काढायची नसते, आधी तपासणी, मग औषध, दुसऱ्या डॉक्टरचं मत घ्या. त्या भागानंतर आमच्या गल्लीतल्या एका बाईनं शस्त्रक्रियेची ठरलेली तारीख पुढं ढकलली, यवतमाळला दुसरीकडे दाखवलं, आणि तिला ऑपरेशन लागलं नाही. हे भाग तुमच्या कपाटात पडून कोणाच्या कामाचे नाहीत.

आणि एक शेवटचा भाग करा. मुंबईत नको, इथे करा. ताईंना घेऊन या. ज्यांनी कार्यक्रम पाहिला त्या बायांना बोलू द्या आणि ताईंना त्यांच्याकडून निरोप घेऊ द्या. त्यांनी आम्हाला न सांगता जायचं ठरवलं असेल यावर माझा विश्वास नाही. त्यांनाही शुक्रवारी माहीत नसावं. “सोमवारी भेटू” म्हणताना त्यांच्या चेहऱ्यावर खोटं नव्हतं, सहा वर्षं रोज तो चेहरा पाहिला आहे.

यायचं ठरलं तर कापूस वेचणीच्या दिवसांत येऊ नका, बाया मिळणार नाहीत. होळी झाल्यावर या, किंवा झडीच्या दिवसांत. राळेगावहून आमच्याकडे एस.टी. येते, पण सामान असेल तर गाडीच बरी, शेवटचे तीन किलोमीटर खराब आहेत. वीज दुपारी बऱ्याचदा जाते, तेव्हा जनरेटर आणा. माझी छपरी मोकळी करून देते. मशीन बाहेर काढलं की तीस बाया बसतील, त्याहून जास्त आल्या तर समोरच्या कडुलिंबाखाली बसता येईल. ताईंना भाकर, पातोडीची भाजी आणि ठेचा चालतो, त्यांनी एकदा कार्यक्रमातच सांगितलं होतं. ते आम्ही करू.

बुढी अजूनही अधूनमधून दोनला येते. तिला मी बंद झाल्याचं सांगितलं आहे. ती म्हणते, “इचारून तर पाह्य.” म्हणून विचारलं.

आपली,
शिवणकाम करणारी एक प्रेक्षक
ता. राळेगाव, जि. यवतमाळ